वॉर्सातील दोन ‘वृद्ध’ सद्गृहस्थ

१६ ऑक्टोबर १९५८ रोजीं पोलंडच्या टेलिव्हिजनवर दोन सद्गृहस्थ अवतीर्ण झाले. अंगांत जुन्या काळचे लांब कोट, डोक्यावर उंच टोप्या, कोटाला फूल. बोलणें मृदु, वागणें अदबीचें. कार्यक्रमाचें नांव ‘काबारेत स्तार्शिख पानुफ’, म्हणजे वृद्ध सद्गृहस्थांचा रंगमेळावा. वस्तुतः एकाचें वय ४५ होतें आणि दुसऱ्याचें अवघें ४२!

येरेमी प्शिबोरा शब्द रची व येझी वासोव्स्की त्यांना चाली लावी. दोघेहि मूळचे नभोवाणीचे. वासोव्स्की विद्येनें इंजिनियर, प्शिबोरा निवेदक. १९४४ सालीं वॉर्सानें नाझींविरुद्ध उठाव केला, तेव्हां शहरांतील पोलिश नभोवाणीवरून बोलणाऱ्यांत प्शिबोराहि होता. उठाव चिरडला गेला व शहर जवळजवळ जमीनदोस्त झालें. त्या अवशेषांतून लोक पुन्हां घरें उभारीत असतां, १९४८ सालीं त्यानें नभोवाणीवर ‘एतेरेक’ नांवाचें विनोदी नाट्यगृह उघडलें. टेलिव्हिजनवरील मेळाव्याचें बीज तेथलेंच.

कथानक म्हणाल तर नांवापुरतें. सद्गृहस्थांकडे कोणी विक्षिप्त पाहुणा यावा, त्यानें आपलें दुःख सांगावें आणि सांगतां सांगतां गाऊं लागावें. व्हिएस्लाव मिख्निकोव्स्की हा नट तर टोमॅटोचा हंगाम संपल्याचा शोक अशा तन्मयतेनें करी कीं, प्रेक्षकांस हंसावें कीं हळहळावें तें कळूं नये! इरेना क्व्यात्कोव्स्का, कालिना येंद्रुसिक यांसारख्या कसलेल्या नटीहि यांत होत्या. बहुतेक प्रयोग प्रत्यक्ष प्रक्षेपित होत; चूक झाली तर पुसण्याची सोय नाहीं.

खरी मौज मात्र नांवांतील ‘पान’ या शब्दांत आहे. त्याचा मूळ अर्थ धनी. आपल्याकडील ‘राव’ जसा नांवामागें येतो, तसा तो पोलिश माणसाच्या नांवापुढें येई. साम्यवादी राजवटीच्या सभांत व कचेऱ्यांत ‘कॉम्रेड’ आणि ‘नागरिक’ यांचा सुळसुळाट होता. अशा दिवसांत हे दोघे सरकारच्याच टेलिव्हिजनवर एकमेकांस ‘पान’ म्हणत, वांकून अभिवादन करीत. राजकारणाचा शब्द त्यांत नसे. त्या अदबीला आक्षेप तरी कोणत्या कलमाखालीं घ्यावा?

१९६६ पर्यंत असे १६ मेळावे झाले. १९६४ सालीं काझिमिएश कुत्स या दिग्दर्शकानें त्यांवरून ‘उपाव’ नांवाचा बोलपट काढला. पण घरच्या लहान पडद्यावरील गोडी त्याला आली नाहीं. पुढें १९७० नंतरच्या दशकाच्या अखेरीस ते दोघे पुन्हां टेलिव्हिजनवर आले. या वेळीं मेळाव्याचें नांव होतें ‘आणखीच वृद्ध सद्गृहस्थांचा’, आणि आतां त्यांना केस पांढरे करून घेण्याची गरज नव्हती.