चीनची पायाभूत बांधणी : देशांतर्गत अनुभव आणि तांझारा रेल्वे (१९४९ ते २०२५)

प्रस्तावना

एकविसाव्या शतकातील चीनचा विचार करताना महामार्ग, बंदरे, धरणे आणि अतिजलद रेल्वे यांचा उल्लेख अपरिहार्य ठरतो. २०१३ मध्ये चीनने 'पट्टा आणि मार्ग' या योजनेची घोषणा केल्यापासून चीनच्या परदेशातील बांधकामांवर विपुल लेखन झाले आहे. मात्र या लेखनात बहुधा दोन टोके आढळतात. एका बाजूला ही बांधकामे म्हणजे विकसनशील देशांवर केलेले उपकार मानली जातात, तर दुसऱ्या बाजूला ती कर्जाच्या सापळ्याची साधने समजली जातात. या दोन्ही मतांमध्ये इतिहासाची बाजू दुर्लक्षित राहते. चीन परदेशात ज्या पद्धतीने बांधतो ती पद्धत त्याच्या स्वतःच्या भूमीवर घडलेली आहे. तसेच परदेशातील त्याच्या मोठ्या बांधकामांचा इतिहास २०१३ पासून सुरू होत नाही, तो त्यापूर्वी किमान अर्धशतक मागे जातो.

प्रस्तुत लेखात टांझानिया व झांबिया या देशांना जोडणाऱ्या तांझारा रेल्वेच्या आधारे या परस्परसंबंधाचा आढावा घेतला आहे. चीनच्या देशांतर्गत बांधणीचे स्वरूप स्पष्ट करणे, त्या अनुभवाचे परदेशातील बांधकामात कसे रूपांतर झाले हे पाहणे आणि हस्तांतरणानंतर त्या बांधकामाचे काय झाले याचे मूल्यमापन करणे, ही या लेखाची उद्दिष्टे आहेत.

ऐतिहासिक पार्श्वभूमी

चीनमध्ये रेल्वे आली ती परकीयांच्या हातून. १८७६ मध्ये शांघायजवळ एका ब्रिटिश कंपनीने वूसुंग येथे छोटा लोहमार्ग सुरू केला. चिंग राजवटीने तो विकत घेतला आणि १८७७ मध्ये उखडून टाकला. या घटनेकडे केवळ अज्ञानाचे उदाहरण म्हणून पाहणे योग्य नाही. लोहमार्गाबरोबर परकीय सत्ताही देशाच्या अंतर्भागात शिरते, ही भीती त्यामागे होती आणि पुढील काळात ती निराधार ठरली नाही. १९०५ ते १९०९ या काळात झान तियानयू या चिनी अभियंत्याच्या देखरेखीखाली बीजिंग ते झांगजियाकौ हा लोहमार्ग बांधला गेला. परकीय अभियंत्यांवाचून पार पडलेले हे काम राष्ट्रीय अभिमानाचा विषय झाले. १९११ मध्ये राजवटीने प्रांतिक लोहमार्ग सरकारजमा करून ते परकीय कर्जाच्या आधारे बांधण्याचे ठरवले, तेव्हा सेचुआन प्रांतात मोठा उठाव झाला. त्याच वर्षीच्या वूचांग येथील बंडाला आणि पर्यायाने चिंग राजवटीच्या अंताला या आंदोलनाने वाट करून दिली. परकीय कर्जातून उभा राहणारा लोहमार्ग राजवट उलथवू शकतो, हा धडा चीनच्या आधुनिक इतिहासाच्या आरंभीच नोंदवला गेला आहे.

सन यत् सेन यांनी पहिल्या महायुद्धानंतर देशाच्या औद्योगिक विकासाचा जो आराखडा मांडला, त्यात विस्तृत रेल्वेजाळ्याबरोबर यांगत्से नदीच्या घळईत धरण बांधण्याची कल्पनाही होती. ही स्वप्ने पुढे कम्युनिस्ट राजवटीने वारशाने स्वीकारली.

स्वावलंबनाची दोन दशके

१९४९ मध्ये नव्या राजवटीच्या हाती सुमारे २२ हजार किलोमीटरचे, युद्धाने मोडकळीस आलेले रेल्वेजाळे आले. १९५२ मध्ये चेंगडू ते चोंगचिंग हा ५०५ किलोमीटरचा मार्ग पूर्ण झाला. १९५७ मध्ये सोव्हिएत तज्ज्ञांच्या साहाय्याने वूहान येथे यांगत्सेवरील पहिला मोठा पूल उभा राहिला. १९६० मध्ये सोव्हिएत संघाने आपले तज्ज्ञ परत बोलावले. नानजिंग येथील पुलाचे काम तेव्हा सुरू होते. ते चीनने स्वतःच्या पोलादावर आणि स्वतःच्या अभियंत्यांच्या बळावर १९६८ मध्ये पूर्ण केले.

१९६४ पासून युद्धाच्या भीतीने उद्योग देशाच्या दुर्गम अंतर्भागात हलवण्याचे धोरण स्वीकारले गेले. त्यातूनच १९७० मध्ये पूर्ण झालेला चेंगडू ते कुनमिंग हा सुमारे १,१०० किलोमीटरचा मार्ग साकार झाला. चारशेहून अधिक बोगदे असलेल्या या मार्गावर मुक्तिसेनेच्या रेल्वे दलाने काम केले आणि अनेक सैनिक व कामगार त्यात मृत्युमुखी पडले. या काळातील बांधणीची वैशिष्ट्ये स्पष्ट दिसतात. यंत्रांची उणीव प्रचंड मनुष्यबळाने भरून काढणे, कामगारांचे लष्करी पद्धतीने संघटन करणे, नफातोट्यापेक्षा राजकीय व सामरिक गरजेला अग्रक्रम देणे आणि ठरलेल्या मुदतीआधी काम संपवण्याचा आग्रह धरणे, ही ती वैशिष्ट्ये होत. हीच पद्धत पुढे आफ्रिकेत गेली.

तांझारा रेल्वे : राजकीय कारणे

ऑक्टोबर १९६४ मध्ये झांबिया स्वतंत्र झाला. या भूवेष्टित देशाचे परकीय चलन बहुतांशी तांब्याच्या निर्यातीवर अवलंबून होते आणि हे तांबे समुद्रापर्यंत नेणारे प्रमुख मार्ग ऱ्होडेशिया व पोर्तुगीज वसाहतींतून जात होते. नोव्हेंबर १९६५ मध्ये ऱ्होडेशियातील गोऱ्या अल्पसंख्याकांच्या सरकारने एकतर्फी स्वातंत्र्य जाहीर केले. त्यानंतर झांबियाचे स्वातंत्र्य त्याच्या शत्रूंच्या लोहमार्गावर टांगलेले राहिले. दार-एस-सलाम बंदराकडे जाणारा नवा मार्ग हा त्यामुळे केवळ वाहतुकीचा प्रश्न नव्हता.

१९६४ मध्ये जागतिक बँकेने हा मार्ग आर्थिकदृष्ट्या समर्थनीय नसल्याचा निर्वाळा दिला. पुढे १९६६ मधील ब्रिटिश-कॅनेडियन पाहणीने अनुकूल मत दिले, तरीही पाश्चात्त्य देशांकडून पैसा उभा राहिला नाही. अध्यक्ष ज्युलियस न्येरेरे यांनी फेब्रुवारी १९६५ मध्ये आणि अध्यक्ष केनेथ कौंडा यांनी १९६७ मध्ये बीजिंगला भेट दिली. सप्टेंबर १९६७ मध्ये तिन्ही देशांत करार झाला. चीनने सुमारे ४० कोटी डॉलर इतक्या रकमेचे बिनव्याजी कर्ज दिले. त्याची परतफेड ३० वर्षांत करायची होती.

चीन त्या वेळी सांस्कृतिक क्रांतीच्या धामधुमीत सापडलेला एक दरिद्री देश होता. मग त्याने हा भार का उचलला? सोव्हिएत संघाशी वितुष्ट आल्यानंतर आणि अमेरिकेशी वैर असताना चीनला नवस्वतंत्र राष्ट्रांची मैत्री हवी होती. पंतप्रधान चौ एन-लाय यांनी जानेवारी १९६४ मधील आफ्रिका दौऱ्यात परकीय साहाय्याची आठ तत्त्वे मांडली होती. साहाय्य अटींवाचून असावे, घेणारा देश स्वावलंबी व्हावा आणि चिनी तज्ज्ञांनी स्थानिक तज्ज्ञांपेक्षा अधिक सुखसोयी मागू नयेत, हे त्यांचे सार होते. ऑक्टोबर १९७१ मध्ये संयुक्त राष्ट्रसंघात ७६ विरुद्ध ३५ मतांनी चीनला त्याचे स्थान मिळाले. त्यात आफ्रिकी राष्ट्रांच्या मतांचा वाटा मोठा होता.

बांधणी आणि तिचे स्वरूप

ऑक्टोबर १९७० मध्ये बांधकामाचा औपचारिक प्रारंभ झाला. दार-एस-सलाम ते झांबियातील कपिरी म्पोशी हे अंतर १,८६० किलोमीटर आहे. म्लिंबा ते माकाम्बाको हा डोंगराळ टप्पा सर्वांत अवघड होता. मार्गावरील पूल व बोगदे प्रामुख्याने याच भागात एकवटले आहेत. हजारो चिनी अभियंते व कामगार आणि त्यांच्या कितीतरी पट स्थानिक मजूर या कामावर राबले. साठहून अधिक चिनी कर्मचारी या कामी मरण पावले. त्यांची दफनभूमी दार-एस-सलामजवळ आजही आहे. रूळ टाकण्याचे काम १९७५ मध्ये, म्हणजे नियोजित मुदतीआधी पूर्ण झाले आणि १४ जुलै १९७६ रोजी रेल्वे दोन्ही देशांच्या स्वाधीन करण्यात आली.

या बांधणीतील दोन बाबी विशेष विचारात घेण्याजोग्या आहेत. पहिली बाब स्थानिक खर्चाची. मजुरी व इतर स्थानिक खर्च भागवण्यासाठी चिनी मालाची आयात करून तो दोन्ही देशांतील बाजारात विकण्याची आणि त्यातून स्थानिक चलन उभे करण्याची व्यवस्था होती. अर्थात, साहाय्य निरपेक्ष असले तरी त्याच्या बरोबरीने चिनी वस्तूंची बाजारपेठही तयार होत होती. दुसरी बाब रुळांच्या रुंदीची. झांबिया व दक्षिण आफ्रिकेकडील मार्गांशी जुळावी म्हणून १,०६७ मिलिमीटरची रुंदी निवडण्यात आली. टांझानियाचे जुने मार्ग मात्र मीटरगेजचे होते. त्यामुळे नवी रेल्वे देशातील उर्वरित जाळ्याशी थेट जोडली गेली नाही आणि जुन्या मार्गावर माल न्यायचा तर तो एका वाघिणीतून दुसऱ्या वाघिणीत भरणे भाग पडले. नकाशावर किरकोळ वाटणारा हा फरक व्यवहारात कायमचा खर्च ठरला.

हस्तांतरणानंतर

या मार्गाची क्षमता वर्षाला २० लाख टन मालवाहतुकीची मानली गेली होती. १९७७-७८ मध्ये सुमारे १२.७ लाख टन मालाची वाहतूक झाली. तो उच्चांक पुढे कधीच ओलांडला गेला नाही. २०१४-१५ मध्ये हा आकडा ८८ हजार टनांपर्यंत घसरला होता.

या ऱ्हासाची कारणे अनेक होती. चीनमध्ये खास बनवलेली डिझेल-हायड्रॉलिक इंजिने डोंगराळ चढणीवर अपेक्षेप्रमाणे टिकली नाहीत आणि सुट्या भागांसाठी परकीय चलन उपलब्ध नव्हते. दार-एस-सलाम बंदरात मालाची कोंडी होत असे. १९७८ मध्ये झांबियाने दक्षिणेकडील मार्ग पुन्हा खुला केला. १९८० मध्ये झिंबाब्वे स्वतंत्र झाल्यावर आणि नव्वदच्या दशकात दक्षिण आफ्रिकेतील वर्णभेदी राजवट संपल्यावर या रेल्वेचे मूळ राजकीय प्रयोजनच उरले नाही. ज्या विजयासाठी ती बांधली गेली, तो विजयच तिच्या आर्थिक अडचणीचे कारण ठरला, हा इतिहासातील विरोधाभास नमूद करणे आवश्यक आहे.

कौशल्यसंक्रमणाचा प्रश्नही येथेच उपस्थित होतो. सुमारे २०० टांझानियन व झांबियन विद्यार्थ्यांना बीजिंगमधील रेल्वे शिक्षणसंस्थेत पाठवण्यात आले आणि झांबियातील म्पिका येथे प्रशिक्षणाची सोय करण्यात आली. तथापि १,८६० किलोमीटरचा मार्ग चालवण्यासाठी हे मनुष्यबळ अपुरे होते. चिनी तज्ज्ञांना वारंवार परत बोलवावे लागले आणि कर्जाच्या परतफेडीची मुदतही लांबवावी लागली. बांधणे आणि चालवणे ही दोन भिन्न कौशल्ये आहेत. पहिले सहा वर्षांत पूर्ण झाले, दुसऱ्यासाठी पिढ्या लागतात. तरीही ही रेल्वे केवळ अपयशी ठरवणे अन्यायाचे होईल. तिच्या स्थानकांभोवती वस्त्या वसल्या आणि आसपासच्या शेतकऱ्यांना आपला माल दूरच्या बाजारात नेता येऊ लागला. तांब्याच्या टनांत मोजलेल्या हिशेबात ही मिळकत दिसत नाही.

१९७८ नंतरचे परिवर्तन

१९७८ मधील आर्थिक सुधारणांनंतर बांधणीची पद्धत बदलली. १९८० मध्ये चीनने जागतिक बँकेतील आपले स्थान स्वीकारले. युनान प्रांतातील लूबूगे जलविद्युत प्रकल्पात १९८० च्या दशकात जागतिक बँकेच्या कर्जामुळे खुल्या निविदा मागवाव्या लागल्या आणि बोगद्याचे काम एका जपानी कंपनीने कमी खर्चात मिळवले. या अनुभवाचा चिनी बांधकाम व्यवस्थेवर खोल परिणाम झाला. सरकारी खात्यांचे रूपांतर कंपन्यांत होऊ लागले. तांझारा बांधणाऱ्या रेल्वे मंत्रालयाच्या परकीय साहाय्य विभागातूनच १९७९ मध्ये चायना सिव्हिल इंजिनिअरिंग कन्स्ट्रक्शन कॉर्पोरेशन ही कंपनी निर्माण झाली. कालचे साहाय्यकर्ते आज कंत्राटदार झाले होते.

१९९४ मध्ये चीनने विकास बँक व निर्यात-आयात बँक स्थापन केल्या. १९९२ मध्ये राष्ट्रीय लोकसभेत तीन घळई धरणाच्या प्रस्तावावर मतदान झाले तेव्हा सुमारे एक तृतीयांश प्रतिनिधींनी विरोध केला किंवा ते तटस्थ राहिले. त्या व्यवस्थेत ही घटना असाधारण होती. तरीही धरण झाले आणि सुमारे १३ लाख लोक विस्थापित झाले. २००८ मध्ये बीजिंग ते तियानजिन अतिजलद रेल्वे सुरू झाली आणि २०२४ अखेर अशा मार्गांची लांबी सुमारे ४८ हजार किलोमीटर झाली. जुलै २०११ मध्ये वेंझौ येथील अपघातात ४० जण दगावले, तेव्हा या वेगाविषयी चीनमध्येच तीव्र प्रश्न विचारले गेले. २०१३ मध्ये रेल्वे मंत्रालय विसर्जित करण्यात आले. घरातील बांधणीचा वेग मंदावू लागला की अतिरिक्त पोलाद, सिमेंट व यंत्रसामग्रीला बाहेर वाट हवी असते. 'पट्टा आणि मार्ग' योजनेमागील अनेक कारणांपैकी हे एक होते.

साम्य आणि भेद

२०१७ मध्ये सुरू झालेली केनियातील मोम्बासा ते नैरोबी रेल्वे तांझाराशी ताडून पाहण्याजोगी आहे. येथेही रुळांची रुंदी जुन्या मीटरगेजपेक्षा वेगळी आहे. येथेही मार्ग शेजारच्या युगांडापर्यंत नेण्याची कल्पना होती, परंतु २०१९ मध्ये तो नैवाशापाशी थांबला. भेद कर्जाच्या स्वरूपात आहे. तांझाराचे कर्ज बिनव्याजी होते, केनियाचे कर्ज प्रामुख्याने निर्यात-आयात बँकेचे आणि सव्याज आहे. श्रीलंकेतील हंबनटोटा बंदराचे उदाहरणही सावधपणे वापरले पाहिजे. २०१७ मध्ये ते ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने चिनी कंपनीकडे गेले हे खरे. परंतु त्यातून आलेली ११२ कोटी डॉलरची रक्कम बंदराचे कर्ज रद्द करण्यासाठी वापरली न जाता परकीय गंगाजळीत जमा झाली. श्रीलंकेचे संकट एकट्या चिनी कर्जाने निर्माण केलेले नव्हते.

भारताची भूमिका या संदर्भात दुहेरी राहिली आहे. चीन-पाकिस्तान मार्गिका भारताने आपल्या मानलेल्या प्रदेशातून जात असल्यामुळे मे २०१७ मधील बीजिंग परिषदेत भारत सहभागी झाला नाही. त्याच वेळी बीजिंग येथे मुख्यालय असलेल्या आशियाई पायाभूत गुंतवणूक बँकेचा भारत दुसऱ्या क्रमांकाचा भागधारक आहे. त्या बँकेची २०१८ ची वार्षिक सभा मुंबईत भरली होती आणि मुंबईच्या उपनगरी रेल्वेच्या विस्तारासाठी तिने कर्जही मंजूर केले.

निष्कर्ष

सप्टेंबर २०२४ मध्ये बीजिंग येथे तांझाराच्या पुनरुज्जीवनाबाबत तिन्ही देशांत सामंजस्य करार झाला आणि २०२५ मध्ये सुमारे १४० कोटी डॉलर गुंतवणुकीचा, ३० वर्षांचा सवलत करार करण्यात आला. हे काम चायना सिव्हिल इंजिनिअरिंग कन्स्ट्रक्शन कॉर्पोरेशनकडेच गेले आहे. १९७६ मध्ये जी रेल्वे आफ्रिकी हाती सोपवली गेली, ती चालवण्याचा अधिकार जवळपास अर्धशतकानंतर तिच्या बांधणाऱ्यांकडे परतला आहे.

या विवेचनातून पुढील निष्कर्ष निघतात. चीनची परदेशातील बांधणी त्याच्या देशांतर्गत अनुभवाचा विस्तार आहे, म्हणून तिचे गुणदोष दोन्हीकडे सारखेच आढळतात. वेग, संघटन व चिकाटी हे गुण होत. बाधितांचा आवाज क्षीण असणे आणि देखभालीपेक्षा उद्घाटनाला महत्त्व देणे हे दोष होत. दुसरे असे की, पायाभूत बांधकामाचे यश कर्जाच्या अटींइतकेच ते चालवणाऱ्यांच्या कौशल्यावर आणि घेणाऱ्या राष्ट्राच्या नियोजनावर अवलंबून असते. तांझाराचे कर्ज बिनव्याजी होते, तरीही रेल्वे डबघाईला आली. चौ एन-लाय यांच्या आठ तत्त्वांपैकी स्वावलंबनाचे तत्त्व सर्वांत कठीण ठरले. १८७७ मध्ये ज्या देशाने परकीयांनी बांधलेले रूळ उखडले आणि १९०९ मध्ये स्वतःच्या अभियंत्याकडून लोहमार्ग बांधून घेतला, त्या देशाला हे तत्त्व समजावून सांगण्याची गरज नसावी. आफ्रिकेत त्याचे आचरण कितपत होते, यावरच नव्या कराराचे मूल्य इतिहास ठरवील.