जप्त वस्तूचा धनी कोण?



ज्या गुरुजींच्या स्मृतिप्रीत्यर्थ आपण येथे जमलो आहोत, त्यांनी आम्हांला शब्दाचे मूळ शोधावयास शिकविले. म्हणून प्रारंभ एका शब्दानेच करतो. ‘जप्त’ हा शब्द अरबी-फारसीतून मराठीत आला. आवरून धरणे, ताब्यात ठेवणे हा त्याचा मूळ अर्थ. मालकी मिळविणे हा नव्हे. वस्तू ठाण्यात गेली तरी तिचा धनी बदलत नाही. मग तीच वस्तू ठाण्यातून नाहीशी झाली, तर धन्याने दाद कोणाकडे मागावी?

20 सप्टेंबर 1947 रोजी अमृतसरच्या एका पेढीचा भागीदार सोनेचांदी विकण्यासाठी मेरठला आला. संशयावरून पोलिसांनी त्याला कोठडीत टाकले आणि माल जप्त केला. दुसऱ्या दिवशी त्याची जामिनावर सुटका झाली. पुढे चांदी परत मिळाली. 103 तोळ्यांहून अधिक सोने मात्र मालखान्याच्या हेड कॉन्स्टेबलने लांबविले आणि तो पाकिस्तानात पळाला.

हा ‘कस्तुरीलाल’ खटला सर्वोच्च न्यायालयात पोहोचला. पीठाचे प्रमुख होते सरन्यायाधीश गजेंद्रगडकर. पीठावर वऱ्हाडचे न्यायमूर्ती मुधोळकर होते. तसेच नागपूर उच्च न्यायालयाचे आणि 1956 नंतर आपल्या मध्य प्रदेश उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीशपद भूषविलेले न्यायमूर्ती हिदायतुल्ला होते. 1964 च्या निकालात पोलिसांची हयगय मान्य झाली. परंतु अटक आणि जप्ती ही सार्वभौम सत्तेची कामे असल्याने सरकार भरपाईस बांधलेले नाही, असे ठरले. आधार होता 1861 च्या, कंपनी सरकारच्या कारभारासंबंधीच्या निवाड्याचा. ही स्थिती समाधानकारक नाही, विधिमंडळाने कायदा करावा, असे गजेंद्रगडकरांनी त्याच निकालात नमूद केले. 1965 व 1967 मध्ये विधेयके आली, दोन्ही बारगळली.

जे विधिमंडळाने केले नाही, ते न्यायालयांनी पायरीपायरीने केले. 1977 मध्ये तत्कालीन म्हैसूर राज्यातील एका महिलेचे जप्त दागिने पोलिसांच्या ताब्यातून गहाळ झाले होते. सरकारने योग्य काळजी घेतल्याचे दाखविले नाही, म्हणून किंमत भरून देण्याचा आदेश झाला. 1983 मध्ये सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पीठाने, निर्दोष सुटूनही चौदा वर्षे तुरुंगात राहिलेल्या बिहारमधील रुदल शहा यांना थेट रिट अर्जावर भरपाई दिली. 1994 मध्ये आंध्रातील एका व्यापाऱ्याचा जप्त माल सरकारी हयगयीने नासला, तेव्हा सार्वभौमत्वाची ढाल न्यायालयाने बाजूस सारली. एका मराठी सरन्यायाधीशांना खेदाने जे दार बंद ठेवावे लागले, ते दुसऱ्या मराठी सरन्यायाधीशांच्या काळात किलकिले झाले, याची नोंद आपण ठेवावी.

मात्र उघडलेल्या दारातून आत जाण्यास कागद लागतो. जप्तीची यादी पंचांच्या सह्यांसह मागून घेणे हा उपकार नव्हे, हक्क आहे. जप्तीचा अहवाल दंडाधिकाऱ्यांकडे जावयास हवा. वस्तू परत मिळण्याचा अर्जही तेथेच करता येतो. ठाण्यात तक्रार घेतली नाही, तर ती लेखी स्वरूपात पोलीस अधीक्षकांना पाठवावी, नंतर दंडाधिकाऱ्यांपुढे जावे. मूलभूत हक्कच पायदळी गेला असेल, तर बालाघाटकरांना जबलपूरच्या उच्च न्यायालयाचा मार्ग आहे. जप्त वस्तू ठाण्यात पंधरा दिवस ते महिन्याहून अधिक ठेवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये बजावले. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेने झडती व जप्तीचे चित्रीकरण आवश्यक केले आहे.

तरीही ठाण्याच्या आवारात गंजत पडलेल्या सायकली आणि मोटारी आपण सर्वांनी पाहिल्या आहेत. प्रत्येकीला कोणीतरी धनी आहे. अनेकांना कोणता अर्ज कोठे करावयाचा हे ठाऊक नसते. लिहिता-वाचता येणाऱ्याने शेजाऱ्याचा तो अर्ज लिहून द्यावा. शाळेने आपणांस अक्षर दिले. त्याचे ऋण फेडण्याचा याहून साधा मार्ग मला दिसत नाही.