ताई महाराज प्रकरण

ताई महाराज प्रकरण हा पुण्यातील पंडित महाराज घराण्याच्या वारसाहक्कासंबंधी १९०१ ते १९१५ या काळात चाललेला न्यायालयीन वाद होय. लोकमान्य टिळक या वादात विश्वस्त म्हणून एक पक्षकार होते. दिवाणी दाव्यात कपटाचा व खोट्या साक्षीचा आरोप कसा सिद्ध करावा, या प्रश्नावरील प्रिव्ही कौन्सिलच्या निकालामुळे भारतीय पुरावा कायद्याच्या अभ्यासात त्याला महत्त्व आहे.

पार्श्वभूमी

पुण्याचे पहिल्या दर्जाचे सरदार वासुदेव हरिहर पंडित ऊर्फ बाबा महाराज यांचे ऑगस्ट १८९७ मध्ये निधन झाले. मृत्युपत्रान्वये त्यांनी टिळक, दादासाहेब खापर्डे आदींना विश्वस्त नेमले होते. पत्नी ताई महाराज त्या वेळी गरोदर होत्या. पुत्र न झाल्यास किंवा तो अल्पायुषी ठरल्यास विश्वस्तांच्या संमतीने दत्तक घ्यावा, अशी मृत्युपत्रात तरतूद होती. १८९८ च्या आरंभी जन्मलेला मुलगा लवकरच दगावला.

जून १९०१ मध्ये औरंगाबाद येथे घराण्याच्या तेथील शाखेतील जगन्नाथ यास दत्तक घेण्यात आले, असे विश्वस्तांचे म्हणणे होते. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ताई महाराजांनी कोल्हापूरच्या शाखेतील बाळा महाराज यांना दत्तक घेतले. या दत्तकास कोल्हापूर दरबाराचा पाठिंबा होता. औरंगाबादचे दत्तविधान झालेच नाही व आपल्यावर दडपण आणले गेले, अशी ताई महाराजांच्या बाजूची भूमिका होती.

फौजदारी कारवाई

ताई महाराजांच्या अर्जावरून जिल्हा न्यायाधीश अ‍ॅस्टन यांनी एप्रिल १९०२ मध्ये विश्वस्तांचे प्रोबेट रद्द केले आणि टिळकांवर खटला भरण्याचा मार्ग मोकळा केला. प्रोबेट रद्द करण्याचा आदेश त्याच वर्षी उच्च न्यायालयाने फिरवला. फौजदारी खटला मात्र चालू राहिला. ऑगस्ट १९०३ मध्ये खोट्या साक्षीबद्दल टिळकांना १८ महिने सक्तमजुरी व १,००० रुपये दंड अशी शिक्षा झाली. सत्र न्यायालयाने कैद ६ महिन्यांवर आणली. मार्च १९०४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवले. दरम्यान १९०३ मध्येच ताई महाराजांचे निधन झाले होते.

दिवाणी दावा

फौजदारी निर्दोषत्वाने दत्तकाचा प्रश्न सुटला नाही. जगन्नाथचे दत्तविधान वैध ठरवण्यासाठीचा दावा १९०६ मध्ये पुण्याच्या न्यायालयाने मान्य केला. १९१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. टिळक त्या वेळी मंडालेच्या तुरुंगात होते. प्रिव्ही कौन्सिलने २६ मार्च १९१५ रोजी उच्च न्यायालयाचा निर्णय रद्द करून औरंगाबादचे दत्तविधान ग्राह्य धरले.

निकालातील तत्त्व

उच्च न्यायालयाचा निष्कर्ष मान्य करायचा, तर प्रतिष्ठित साक्षीदारांनी संगनमताने खोटी हकिकत रचली असे मानावे लागत होते. मात्र उलटतपासणीत तो आरोप त्यांच्यापुढे नीट मांडलाच गेला नव्हता. साक्षीदारास खोटे ठरवायचे असल्यास नेमका आक्षेप त्याला विचारून उत्तराची संधी दिली पाहिजे, असे प्रिव्ही कौन्सिलने म्हटले. हाच विचार इंग्लंडमधील ब्राऊन विरुद्ध डन (१८९३) या खटल्यात आढळतो. कोलकाता उच्च न्यायालयाने १९६१ मध्ये कारापिएट विरुद्ध डर्डेरियन या प्रोबेटच्या प्रकरणातही त्याचा आधार घेतला.

नंतरचा कायदा

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ (आदेश ६, नियम ४) नुसार कपटाचा आरोप करणाऱ्याने त्याचा तपशील कैफियतीत देणे आवश्यक आहे. मोघम आरोप, ते कितीही तीव्र शब्दांत केलेले असले तरी, पुरेसे नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने बिशुनदेव नारायण खटल्यात (१९५१) स्पष्ट केले. संशय हा पुराव्याची जागा घेऊ शकत नाही. मृत्युपत्राभोवती संशयास्पद परिस्थिती असल्यास ती दूर करण्याची जबाबदारी मृत्युपत्र पुढे करणाऱ्यावर असते. कपट वा दडपणाचा स्वतंत्र आरोप मात्र तो करणाऱ्यानेच सिद्ध करावा लागतो.

जुन्या वादांत मुदतीचा प्रश्नही निर्णायक ठरतो. मुदत कायदा, १९६३ च्या कलम १७ प्रमाणे कपटावर आधारित दाव्याची मुदत कपट उघडकीस आल्यापासून, किंवा योग्य दक्षता घेतली असती तर ते ज्या वेळी कळू शकले असते त्या वेळेपासून मोजली जाते. न्यायालयाची फसवणूक करून मिळवलेला हुकूमनामा शून्यवत असतो, असे सर्वोच्च न्यायालयाने चेंगलवराय नायडू खटल्यात (१९९३) म्हटले आहे.