ध्यानचंद आठवतात, मग कर्णधार जयपालसिंग मुंडा का आठवत नाहीत?

दरवर्षी २९ ऑगस्टला राष्ट्रीय क्रीडा दिन येतो. शाळेत मेजर ध्यानचंद यांच्या फोटोला हार घातला जातो, आणि तो घातलाच पाहिजे. पण त्याच कार्यक्रमात कोणी उभे राहून विचारावे की, १९२८ साली ॲमस्टरडॅमला भारताने हॉकीचे पहिले ऑलिंपिक सुवर्णपदक जिंकले, तेव्हा संघाचा कर्णधार कोण होता? बहुतेक ठिकाणी शांतता पसरेल. यवतमाळ जिल्ह्यात तर ही शांतता जास्तच बोचते. कारण तो कर्णधार आदिवासी होता, आणि मारेगाव, झरी जामणी, पांढरकवडा, राळेगाव, घाटंजी या भागात गोंड, कोलाम, परधान, आंध समाजाची मुले त्याच शाळांत बसलेली असतात.

त्या कर्णधाराचे नाव जयपालसिंग मुंडा. जन्म ३ जानेवारी १९०३, आजच्या झारखंडमधील खुंटीजवळच्या टकरा गावी, मुंडा समाजात. रांचीच्या सेंट पॉल शाळेत शिकत असताना तिथल्या इंग्रज मुख्याध्यापकांनी त्यांची हुशारी ओळखली आणि त्यांना इंग्लंडला नेले. पुढे ते ऑक्सफर्डच्या सेंट जॉन्स कॉलेजात शिकले आणि हॉकीत त्यांनी विद्यापीठाचा 'ब्लू' हा मान मिळवला.

जयपालसिंग फुलबॅक होते, म्हणजे बचावपटू. त्या काळी हॉकीत पाच आघाडीचे खेळाडू, तीन हाफबॅक, दोन फुलबॅक आणि एक गोलरक्षक अशी रचना असे. गोल करणाऱ्याचे नाव वर्तमानपत्रात छापून येते, गोल होऊ न देणाऱ्याचे येत नाही. ॲमस्टरडॅमचे आकडे पाहा. भारताने ऑस्ट्रियाला ६-०, बेल्जियमला ९-०, डेन्मार्कला ५-०, स्वित्झर्लंडला ६-० आणि अंतिम सामन्यात हॉलंडला ३-० असे हरवले. पाच सामन्यांत २९ गोल केले, त्यातले १४ ध्यानचंद यांचे. हे १४ सगळ्यांना पाठ आहेत. पण समोरच्या पाच संघांना मिळून एकही गोल करता आला नाही, या शून्याचे श्रेय कोणाला? गोलरक्षक रिचर्ड ॲलन आणि त्यांच्यासमोर उभी असलेली बचावफळी यांना. इतिहास लिहिणाऱ्यांनी २९ मोजले आणि शून्य सोडून दिले.

ही कर्णधारपदाची माळ त्यांच्या गळ्यात फुकट पडली नव्हती. त्या वेळी ते आय.सी.एस. साठी निवडले गेले होते आणि इंग्लंडमध्ये त्यांचे प्रशिक्षण सुरू होते. संघाचे नेतृत्व करण्यासाठी त्यांनी सुट्टी मागितली, ती नाकारली गेली. ते सुट्टीशिवाय गेले. परतल्यावर त्यांना प्रशिक्षणाचे वर्ष पुन्हा करायला सांगण्यात आले. जयपालसिंग यांनी ते मान्य केले नाही आणि साम्राज्यातली सर्वांत प्रतिष्ठेची नोकरी सोडून दिली. १९२१ साली सुभाषचंद्र बोस यांनी आय.सी.एस. सोडली, हे प्रत्येक विद्यार्थ्याला माहीत आहे. एका मुंडा तरुणाने देशाच्या संघासाठी तीच नोकरी सोडली, हे का माहीत नाही? त्याग तोच, मग आठवण वेगळी का? याचे उत्तर ज्यांच्या हातात पाठ्यपुस्तके होती त्यांनी द्यायचे आहे.

अंतिम सामना मात्र जयपालसिंग खेळले नाहीत. संघाच्या इंग्रज व्यवस्थापकांशी त्यांचे खटके उडाले, असे सांगितले जाते. ते संघाबाहेर पडले आणि अंतिम सामन्यात पिनिगर यांनी नेतृत्व केले. पदकाच्या फोटोत नसलेला कर्णधार विसरणे सोपे जाते, हेही खरे. पण विसरण्याचे खरे कारण ॲमस्टरडॅममध्ये नाही, ते त्यानंतरच्या चाळीस वर्षांत आहे.

नामवंत खेळाडू निवृत्त झाला की प्रशिक्षक होतो, दुसऱ्यांना घडवतो. जयपालसिंग यांच्या नावापुढे प्रशिक्षक हे बिरूद लागले नाही, काम मात्र तेच झाले. कलकत्त्यात बर्मा-शेल कंपनीत नोकरी करताना त्यांनी मोहन बागान क्लबचा हॉकी संघ उभा केला आणि त्याचे नेतृत्व केले. खेळणे थांबल्यावर बंगाल हॉकी असोसिएशनचे सचिवपद सांभाळले. १९३४ मध्ये ते आफ्रिकेतील गोल्ड कोस्ट, म्हणजे आजच्या घानामधील अचिमोटा येथे शिक्षक म्हणून गेले. परत आल्यावर रायपूरच्या राजकुमार कॉलेजात काम केले. रायपूर तेव्हा मध्यप्रांत-वऱ्हाडात होते आणि आपले यवतमाळही त्याच प्रांतात होते. म्हणजे ज्याला आपण दूरच्या झारखंडचा माणूस समजतो, तो एकेकाळी आपल्याच प्रांतात राजेरजवाड्यांच्या मुलांना शिकवत होता.

पण राजपुत्रांना शिकवून त्यांचे समाधान झाले नाही. १९३८ मध्ये ते रांचीला परतले आणि जानेवारी १९३९ मध्ये आदिवासी महासभेचे अध्यक्ष झाले. लोक त्यांना 'मरङ गोमके' म्हणू लागले, म्हणजे थोर नेता. १९४६ मध्ये ते संविधान सभेत पोहोचले. १९ डिसेंबर १९४६ च्या भाषणात त्यांनी स्वतःला अभिमानाने 'जंगली' म्हणवून घेतले आणि सभागृहाला बजावले की, आदिवासींना लोकशाही शिकवू नका, ती तुम्हीच त्यांच्याकडून शिकायची आहे. सभेत स्त्रिया पुरेशा नाहीत, हेही त्यांनी त्याच भाषणात सांगितले.

इथे आंबेडकरी वाचकाने एक गोष्ट डोळे उघडे ठेवून वाचली पाहिजे. १९४५ च्या आपल्या योजनेत बाबासाहेबांनी आदिवासी जमातींना राजकीय प्रतिनिधित्वातून वगळले होते. त्यांच्यात राजकीय जाणीव अजून विकसित झालेली नाही आणि इतर लोक त्यांचा वापर करून घेतील, असे त्यांचे मत होते. पुढच्याच वर्षी जयपालसिंग उभे राहिले आणि ती जाणीव किती प्रखर आहे हे साऱ्या देशाने ऐकले. संविधानात 'आदिवासी' हा शब्द यावा, असा त्यांचा आग्रह होता. या शब्दाला नेमका कायदेशीर अर्थ नाही, असे बाबासाहेबांचे म्हणणे होते. शेवटी 'अनुसूचित जमाती' हा शब्द राहिला. पाचव्या अनुसूचीतील जमाती सल्लागार परिषदेला अधिक अधिकार हवेत, यासाठीही जयपालसिंग भांडले. हा मतभेद लपवण्याची गरज नाही. बाबासाहेब देव नव्हते आणि त्यांना देव करू नका, असे त्यांनीच आपल्याला शिकवले. शेवटी आरक्षण, राखीव जागा, पाचवी अनुसूची हे सारे ज्या संविधानात आले, त्याच्या घडणीत हे दोघेही होते. दोघांनीही गांधी-नेहरूंच्या काँग्रेसला भर सभागृहात प्रश्न विचारले.

हाच त्यांचा 'गुन्हा' होता. ध्यानचंद यांनी गोल केले, सत्तेकडे काही मागितले नाही. जयपालसिंग यांनी जमीन मागितली, जंगल मागितले, राज्य मागितले. १९५२ च्या निवडणुकीत त्यांचा झारखंड पक्ष बिहार विधानसभेत प्रमुख विरोधी पक्ष ठरला. १९६३ मध्ये त्यांनी तो काँग्रेसमध्ये विलीन केला, आणि त्या निर्णयाने चळवळीचे मोठे नुकसान झाले. रिपब्लिकन पक्षाची शकले पाहिलेल्या आपल्या समाजाला हे वेगळे समजावून सांगायला नको. २० मार्च १९७० रोजी ते गेले. झारखंड राज्य व्हायला २००० साल उजाडले.

'हा जुना इतिहास उकरून यवतमाळला काय मिळणार?' असे कोणी विचारेल. उत्तर मैदानावरच आहे. १९७५ चा विश्वचषक जिंकणाऱ्या संघातला बचावपटू मायकल किंडो आदिवासी होता. भारताचा कर्णधार झालेला फुलबॅक दिलीप तिर्की आदिवासी आहे. टोकियोचे कांस्यपदक जिंकणाऱ्या संघातला बिरेंद्र लाक्रा, महिला संघाच्या बचावफळीतली दीप ग्रेस एक्का, जयपालसिंग यांच्याच खुंटी जिल्ह्यातली निक्की प्रधान, ही रांग लांबत जाते. ही काही रक्तातली जादू नव्हे. ओडिशा-झारखंडच्या त्या पट्ट्यात गावोगावी हॉकी रुजली, क्रीडा वसतिगृहे झाली, शिकवणारी माणसे मिळाली. मुंडा-उरांवांच्या मुलांना जे मिळाले, ते कोलाम-गोंडांच्या मुलांना मिळाले तर तीही खेळतील. आणि खुर्चीचे काय? १९२८ मध्ये आदिवासी कर्णधार झाला, पण दिलीप तिर्की हॉकी इंडियाचे अध्यक्ष झाले ते २०२२ मध्ये. मैदानावर घाम गाळायला आमची मुले चालतात, निर्णयाच्या खुर्चीवर बसायला मात्र ९४ वर्षे लागतात.

म्हणून तीन गोष्टी मागायच्या. पहिली, ३ जानेवारीला सावित्रीमाईंची जयंती आपण करतोच, त्याच दिवशी जयपालसिंग यांचाही जन्म झाला आहे. दोन्ही प्रतिमा एका मंचावर लागल्या पाहिजेत. दुसरी, जिल्ह्यातील प्रत्येक आश्रमशाळेला खेळाचे मैदान आणि पूर्णवेळ क्रीडा शिक्षक मिळाला पाहिजे, आणि त्या जागेवर स्थानिक आदिवासी खेळाडूला प्राधान्य हवे. तिसरी, मारेगाव, राळेगाव, केळापूर, घाटंजी तालुक्यांतील जी गावे अनुसूचित क्षेत्रात येतात, तिथल्या ग्रामसभांनी १९९६ च्या पेसा कायद्याने दिलेले अधिकार प्रत्यक्ष वापरले पाहिजेत. जयपालसिंग सभागृहात ज्या स्वशासनासाठी भांडले, त्याचा उशिरा का होईना मिळालेला तुकडा तोच आहे. तो आता हातचा जाऊ द्यायचा नाही.

जय भीम! जय सेवा! जय जोहार!