शांता आपटे : गळा, भूमिका आणि करार

बोलपटाच्या पहिल्या दशकात नटीची निवड बहुधा गळ्यावरून होत असे. शांता आपटे (१९१६–१९६४) याच वाटेने १९३२ च्या ‘श्यामसुंदर’मधून पडद्यावर आल्या. ‘प्रभात’च्या ‘अमृतमंथन’ने (१९३४) त्यांच्या गाण्याला कीर्ती दिली. तथापि अभिनेत्री म्हणून खरी कसोटी लागली ती ‘कुंकू’त (१९३७). ना. ह. आपटे यांच्या कादंबरीवरील या चित्रपटात शांतारामांनी पार्श्वसंगीत टाळून भोवतालच्या आवाजांवर भिस्त ठेवली. फसवून वृद्धाशी लग्न लावलेली नीरा त्याला पती मानण्यास नकार देते. तिचे गाणे येथे शोभेचे राहत नाही, तिच्या बंडाचाच भाग होते.

१९३९ मध्ये कराराच्या वादातून त्यांनी पुण्यात ‘प्रभात’च्या दारातच उपोषण केले. या प्रसंगाकडे नटीचा लहरीपणा म्हणून पाहणे अन्यायाचे ठरेल. मासिक वेतनावर बांधलेल्या कलावंताच्या हक्काचा तो प्रश्न होता. १९४० च्या ‘जाऊ मी सिनेमात?’ या पुस्तकात त्यांनी चित्रपट-व्यवसायाची चिकित्सा केली. १९४१ मध्ये तमिळ ‘सावित्री’त त्या नायिका होत्या, नारदाच्या भूमिकेत होत्या एम. एस. सुब्बुलक्ष्मी.