पांगुळगाड्यापासून वॉकरपर्यंत

पांगुळगाडा ही सुताराच्या हातची अगदी साधी वस्तू. खाली तीन चाकांचा लाकडी सांगाडा आणि मुलाच्या छातीच्या उंचीवर धरायला एक आडवी दांडी. मूल दांडी धरून उभे राहते, भार पुढे टाकते, गाडा सरकतो आणि त्यामागे पाऊल उचलावेच लागते. लाकडी खेळण्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या सावंतवाडीत तो लाल, पिवळ्या, हिरव्या रंगांत आजही मिळतो.

गाडा हाती येईपर्यंत मुलाचे बरेच शिकून झालेले असते. आधी मान धरते, मग ते पालथे पडते, बसू लागते, रांगते. शरीरावरचा ताबा साधारणपणे डोक्याकडून पायांकडे उतरत जातो. हाताचेही तसेच. सहाव्या महिन्यात सगळा पंजा मारून वस्तू ओढणारे मूल वर्षाच्या आत जमिनीवर पडलेला चुरमुरा अंगठा आणि तर्जनीच्या चिमटीत अलगद उचलते.

या प्रवासातल्या रांगण्याकडे सगळ्या समाजांनी सारख्या नजरेने पाहिलेले नाही. महाराष्ट्रात घरोघरच्या देव्हाऱ्यात एक हात उचलून रांगणारा पितळी बाळकृष्ण असतो, आणि लग्नात मुलीला अन्नपूर्णेबरोबर तो देण्याची रीत अनेक घरांत आहे. ज्या अवस्थेची रोज पूजा होते, ती लवकर संपावी अशी घाई कोण करणार? युरोपात मात्र कित्येक शतके रांगणे हे जनावराचे लक्षण मानले जाई. तान्ह्या मुलांना कापडी पट्ट्यांत घट्ट गुंडाळत आणि पुढे लवकरात लवकर उभे करण्याची धडपड चाले. त्यासाठी चाकांची लाकडी चौकट होती. सुमारे 1440 मध्ये नेदरलँड्समध्ये रंगवलेल्या ‘कॅथरीन ऑफ क्लीव्हज’च्या प्रार्थनापोथीत सुतारकाम करणाऱ्या जोसेफजवळ बाळ येशू अशाच चौकटीत उभा आहे. हिएरोनिमस बॉशच्या व्हिएन्नातील चित्रातही ती दिसते. याशिवाय झग्याला शिवलेल्या, मागून धरायच्या पट्ट्या होत्या आणि पडल्यावर डोके वाचवणारी गादीदार टोपीही होती.

तत्त्वज्ञ रूसोने 1762 मध्ये ‘एमिल’ या ग्रंथात या साऱ्यावर हल्ला चढवला. मुलाला कुरणावर मोकळे सोडावे, दिवसातून शंभरदा पडले तरी चालेल, पडूनच ते उठायला शिकेल, असे त्याचे म्हणणे होते. त्याच्याकडे मोजमाप नव्हते. पण पुढच्या संशोधनाने त्याचा मुद्दा बऱ्याच अंशी खरा ठरवला.

ते मोजमाप विसाव्या शतकात सुरू झाले. येल विद्यापीठात आर्नल्ड गेझेलने मुलांच्या हालचाली चित्रफितींवर टिपून वयानुसार टप्पे मांडले आणि चालणे ही मुख्यतः आतल्या परिपक्वतेची गोष्ट आहे असे सांगितले. मर्टल मॅकग्रॉने जॉनी आणि जिमी या जुळ्यांपैकी जॉनीला लहानपणापासून कसून सराव दिला. तिचे पुस्तक 1935 मध्ये आले. जॉनी वर्षाच्या आगेमागे चाकांच्या बुटांवर घसरायला शिकला, पण चालण्याच्या वयात सरावाने फारसा फरक पडला नाही. 1940 मध्ये अमेरिकेतल्या होपी जमातीच्या मुलांबाबतही असेच दिसले. पहिले काही महिने फळीला बांधून ठेवलेली मुले इतर मुलांच्याच सुमारास चालू लागत होती.

परिपक्वतेने सगळे उलगडत नाही, हे एस्थर थेलनने दाखवले. नवजात बाळाला उभे धरले की ते पावले टाकते, आणि दोनेक महिन्यांत ही हालचाल नाहीशी होते. मेंदू ती दाबून टाकतो असा समज होता. थेलनने 1984 मध्ये अशा बाळांचे पाय पाण्यात सोडले आणि पावले पुन्हा दिसू लागली. दरम्यान पाय गुबगुबीत झाले होते आणि स्नायूंना त्यांचे वजन पेलत नव्हते, एवढेच. मेंदू, स्नायू, वजन आणि खालची जमीन हे सगळे मिळून पाऊल घडते. या विषयातला इतका सुंदर प्रयोग दुसरा क्वचितच सापडेल.

तोवर घरांत नवी वस्तू शिरली होती, ती म्हणजे बैठकीचा प्लॅस्टिकचा वॉकर. पांगुळगाड्यात मुलाला स्वतःचा तोल स्वतःच सांभाळावा लागतो. वॉकरमध्ये ते झोळीत लटकते आणि चवड्यांनी जमीन ढकलते, त्यामुळे तोलाचा सरावच होत नाही. 2002 मध्ये आयर्लंडमधील पाहणीत वॉकरमधल्या दर चोवीस तासांमागे स्वतंत्र चालणे सुमारे तीन दिवसांनी लांबलेले आढळले. जिन्यावरून कोसळण्याचे अपघात तर याहून गंभीर. अमेरिकेत 1990 ते 2014 या काळात पंधरा महिन्यांखालील सुमारे 2 लाख 30 हजार मुलांना वॉकरच्या दुखापतींमुळे तातडीच्या उपचारांसाठी न्यावे लागले. कॅनडाने 2004 मध्ये वॉकरच्या विक्रीवर आणि आयातीवर बंदी घातली.

जागतिक आरोग्य संघटनेने 2006 मध्ये भारतासह पाच देशांतल्या मुलांच्या नोंदींवरून जाहीर केलेल्या टप्प्यांनुसार एकट्याने चालणे आठव्या महिन्यापासून जवळजवळ अठराव्या महिन्यापर्यंत केव्हाही सुरू होऊ शकते, आणि सुमारे चार टक्के मुले गुडघ्यांवर रांगतच नाहीत. शेजारचे मूल दहाव्या महिन्यात चालले म्हणून कासावीस होणाऱ्या आईला हे आकडे कुणीतरी सांगायला हवेत. कॅरेन अॅडॉल्फ यांच्या 2012 च्या पाहणीत 12 ते 19 महिन्यांची मुले तासाला सरासरी 2,368 पावले टाकत आणि 17 वेळा पडत. इतका सराव मोकळ्या जागेतच होतो. सुताराचा गाडा त्याला थोडी जोड देतो, पण गुळगुळीत फरशीवर तो मुलाच्या पावलांपेक्षा वेगाने पळतो. म्हणून तो वापरताना मोठ्या माणसाने हाताच्या अंतरावर असणे भागच असते.