नागराज मंजुळे

नागराज पोपटराव मंजुळे (जन्म: २४ ऑगस्ट १९७७) हे मराठी कवी, पटकथालेखक, चित्रपट दिग्दर्शक आणि अभिनेते आहेत. ‘फँड्री’ व ‘सैराट’ या चित्रपटांचे लेखन आणि दिग्दर्शन त्यांनी केले. ग्रामीण महाराष्ट्रातील जातिव्यवस्था हा त्यांच्या लेखनाचा मध्यवर्ती विषय आहे.

प्रारंभिक जीवन

मंजुळे यांचे मूळ गाव सोलापूर जिल्ह्यातील करमाळा तालुक्यातील जेऊर होय. त्यांचे कुटुंब वडार समाजातील आहे. पुणे विद्यापीठातून मराठी विषयात एम.ए. झाल्यानंतर त्यांनी अहमदनगरच्या न्यू आर्ट्‌स, कॉमर्स अँड सायन्स महाविद्यालयात संज्ञापन अभ्यासाचे शिक्षण घेतले. ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ हा त्यांचा कवितासंग्रह असून त्यास भैरुरतन दमाणी साहित्य पुरस्कार मिळाला आहे.

पटकथालेखन

शाळेची ओढ लागलेल्या मुलावरील ‘पिस्तुल्या’ या लघुपटासाठी त्यांना ५८व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत कथाबाह्य विभागातील पदार्पणाचा पुरस्कार मिळाला.

‘फँड्री’ (२०१३) या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाचे शीर्षक कैकाडी बोलीतील असून त्याचा अर्थ ‘डुक्कर’ असा आहे. गावातील डुकरे पकडण्याचे काम लादल्या गेलेल्या कुटुंबातील जब्या हा शाळकरी मुलगा वरच्या जातीतील वर्गमैत्रिणीवर प्रेम करतो. डुकराचा पाठलाग ऐन रंगात असताना शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येते आणि सारे कुटुंब जागीच स्तब्ध उभे राहते. पुढे मेलेले डुक्कर खांद्यावरून नेले जाते, तेव्हा मागील भिंतीवर डॉ. आंबेडकर, सावित्रीबाई फुले आदींची चित्रे दिसतात. शेवटी जब्याने भिरकावलेला दगड थेट प्रेक्षकाच्या दिशेने येतो. ६१व्या राष्ट्रीय पुरस्कारांत या चित्रपटासाठी मंजुळे यांना दिग्दर्शकाच्या सर्वोत्कृष्ट पदार्पणाचा पुरस्कार मिळाला.

‘सैराट’चा प्रथम खेळ फेब्रुवारी २०१६ मध्ये बर्लिन आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात झाला व २९ एप्रिल २०१६ रोजी तो महाराष्ट्रात प्रदर्शित झाला. पूर्वार्धात प्रचलित प्रेमपटाचा साचा, गाणी व विनोद यांचा वापर आहे. उत्तरार्धात पळून गेलेल्या आर्ची आणि परश्याच्या हैदराबादमधील संसाराचे वास्तव येते आणि शेवट ‘प्रतिष्ठे’साठी झालेल्या हत्येने होतो. हा शेवट जवळजवळ निःशब्द आहे. शंभर कोटी रुपयांचा गल्ला ओलांडणारा हा पहिला मराठी चित्रपट मानला जातो. त्याच्या कन्नड, पंजाबी, हिंदी आदी भाषांत पुनर्निर्मिती झाल्या.

‘पावसाचा निबंध’ या लघुपटासाठी त्यांना ६५व्या राष्ट्रीय पुरस्कारांत कथाबाह्य विभागातील सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. नागपूरचे क्रीडा प्रशिक्षक विजय बारसे यांच्या कार्यावर आधारित ‘झुंड’ (२०२२) हा त्यांचा हिंदी चित्रपट आहे.

लेखनवैशिष्ट्ये

मंजुळे यांच्या पात्रांच्या तोंडी प्रमाण मराठीऐवजी करमाळा परिसरातील बोली येते. त्यापूर्वीच्या अनेक मराठी चित्रपटांत ग्रामीण बोली मुख्यतः विनोदनिर्मितीसाठी वापरली जाई. येथे प्रेम, अपमान आणि संताप यांचीही तीच भाषा आहे. सोमनाथ अवघडे, रिंकू राजगुरू व आकाश ठोसर या नवोदितांना त्यांनी प्रमुख भूमिका दिल्या. अवघडे यांना ‘फँड्री’साठी सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तर राजगुरू यांचा ‘सैराट’साठी ६३व्या राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष उल्लेख झाला.